तिसऱ्या बेसवरचा बांध

मी ट्रकचे नंबर लिहिते. उरणजवळ कंटेनरच्या एका यार्डच्या गेटवर, पत्र्याच्या केबिनमध्ये, कंत्राटावर. ड्रायव्हर मला मॅडम म्हणतात. ही मॅडम एकदा देशाची जर्सी घालून बेसबॉल खेळून आली आहे हे त्यांच्यातल्या एकालाही ठाऊक नाही, आणि ते बरंच आहे. ठाऊक झालं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो, "मग जिंकलात काय?"

नाही जिंकलो. आणि ते माझ्यामुळे.

आमच्या शाळेत बेसबॉल आला तो काही कुणाचं त्यावर प्रेम होतं म्हणून नव्हे. खेळाचे सर व्यवहारी माणूस. ते म्हणाले, क्रिकेटला पोरं ढिगाने, कबड्डीला गावोगाव संघ, हा खेळ मात्र कुणी खेळत नाही. इथे पदक लवकर मिळतं, आणि पदक मिळालं की खेळाडूंच्या राखीव जागेतून सरकारी नोकरी. मला त्यातलं शेवटचं तेवढं ऐकू आलं. बाबा दुसऱ्याच्या मिठागरात राबायचे, त्यांच्या टाचा मिठाने चिरलेल्या. बारावी झाली की हिला उजवून टाकायची हे आईचं ठरलेलं होतं. नोकरी लागली तर हे टळणार होतं. दुसरा उपाय मला माहीत नव्हता.

शाळेला मैदान नव्हतं. मिठागराच्या एका टोकाला पडीक, सुकून टणक झालेली जागा होती, तिथे आम्ही खेळायचो. बेस म्हणून मातीने भरलेली पोती. तिथे मी कितीतरी वेळा धावले असेन, आणि प्रत्येक वेळी पोत्यावर पाय दिला. हे मुद्दाम सांगते, कारण पुढे लोकांना वाटलं की मला खेळाचा नियमच माहीत नव्हता. नियम साधा आहे. धावताना प्रत्येक बेसला पाय लागला पाहिजे. नाही लागला आणि समोरच्या संघाने ते पंचांना दाखवून दिलं, तर तुम्ही बाद आणि तुमची धावही रद्द.

मिठागराचाही एक नियम आहे, आणि तो मी या नियमाच्या खूप आधी शिकले होते. खाडीचं पाणी चौकोनी वाफ्यांत घेऊन उन्हात आटवतात. दोन वाफ्यांच्या मध्ये चिखलाचा बांध असतो, वीतभर रुंद, त्याच्या कडेला मिठाची पांढरी रेघ धरलेली. त्यावर पाय पडला की बांध खचतो, पलीकडचं कच्चं पाणी पिकत आलेल्या मिठात शिरतं आणि तो वाफा गेला. मी चारेक वर्षांची असताना एकदा पाय दिला. बाबांनी असा धपाटा घातला की श्वास अडकला. "बांधाव पाय नको देव गो बाय!" ते दिवसभर कुणा ना कुणावर हेच ओरडत असायचे. पुढे खाली बघावंही लागेनासं झालं. तळव्याला ओला चिखल लागला, नजरेच्या कोपऱ्यात पांढरी रेघ आली की पाय आपोआप पलीकडे पडतो. आमच्यातल्या म्हाताऱ्या बायकासुद्धा डोक्यावर टोपली असताना अशाच चालतात.

तर, शेजारच्या देशांच्या मुलींची स्पर्धा नेपाळात भरली आणि मी आपल्या संघात निवडले गेले. असली स्पर्धा तेव्हा इतकी नवी होती की आमच्या जर्सीवरचे आकडे पहिल्याच धुण्यात सुटले आणि ते आम्ही सेफ्टी पिनांनी टाचले. गावाला मात्र घाई. तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्याच्या दिवशी सकाळीच नाक्यावर फ्लेक्स चढला, "पदकविजेत्या कन्येचे हार्दिक अभिनंदन". त्यावर पुढाऱ्याचा चेहरा माझ्या चौपट. बाजारात तुरी म्हणतात त्या याच.

आदल्या रात्री तिथे पाऊस झाला होता. मैदान चिखलाने भरलेलं, त्यावर चुन्याच्या रेघा नव्याने ओढलेल्या. समोर यजमान मुली. शेवटच्या डावात आम्ही बरोबरीत होतो, आमच्या दोघी बाद झालेल्या, तिसरी झाली की डाव संपणार, आणि मी दुसऱ्या बेसवर. बॅटवर चेंडूचा आवाज आला आणि मी सुटले. बुटात पाणी शिरलं होतं. तिसरा बेस आला, त्याला लागून ओली पांढरी रेघ. मी तशीच धावत, जिथे धाव पुरी होते त्या घरच्या बेसवर पोचले आणि आमच्या मुलींनी मला उचललं.

त्यांच्या तिसऱ्या बेसवर एक ठेंगणी मुलगी होती. तिने शांतपणे चेंडू मागून घेतला, बेसवर उभी राहिली आणि पंचांकडे बघून बोट खाली दाखवलं. पंचांनी अंगठा वर केला. बाद.

जादा डावात त्यांनी धाव काढली आणि आम्ही चौथ्या आलो. हातात आलं ते भाग घेतल्याचं प्रमाणपत्र, ज्यावर चहासुद्धा कुणी पाजत नाही. प्रशिक्षक सगळ्यांसमोर म्हणाले, "आंधळी आहेस का? एवढा मोठा बेस दिसला नाही?" मी काय सांगणार होते? बेस दिसला होता, म्हणूनच ओलांडला.

गावाने सामना नाक्यावरच्या चहाच्या टपरीत मोबाइलवर बघितला होता. मी परतले तोवर गावाचा निकाल लागलेला होता. "पंचानी फशिवली आपली पोर," जो तो म्हणत होता. नाचता येईना अंगण वाकडं, हे मला तिथल्या तिथे सांगता आलं असतं. मी गप्प बसले. फसवली गेलेली मुलगी होणं चुकलेल्या मुलीपेक्षा सोपं होतं, आणि मी ते सोपं घेतलं. त्याची मला अजून लाज वाटते.

खरं काय ते एकट्या बाबांना कळलं होतं. मागच्या दारी पाय धुता धुता ते हळूच म्हणाले, "मना दिसलं, बाय."

माझा तोल गेला. "दिसलं ना? तुमच्या त्या बांधानी खाल्ली माझी नोकरी! बांधाव पाय नको, बांधाव पाय नको! घ्या आता, नाय दिला पाय!"

बाबा खांद्यावर पंचा टाकून बाहेर गेले. त्यानंतर ते मिठागरात कुणावरही ओरडले नाहीत. लोक बांधावरून सरळ चालत गेले तरी खाली मान घालून काम करत राहायचे. मला ते कळत होतं, आणि तरी मी एकदाही म्हटलं नाही की बाबा, ओरडा. तो फ्लेक्स पावसाळ्याआधी मिठाच्या राशीवर झाकायला गेला. पुढाऱ्याचं नाक आणि माझा एक डोळा वर्षभर तिथे दिसत होता.

दोन हंगामांनी मालक शेठने मिठागर विकलं. मी बसते ते यार्ड त्याच जागी टाकलेल्या भरावावर उभं आहे. नोकरीही मला तिथल्याच लोकांनी दिली, जागेवरची पोरं घ्यावी लागतात म्हणून.

भराव टाकायला मुरमाचे डंपर यायच्या दिवशी सकाळी बाबा अवजारं आणायला निघाले आणि मी त्यांच्यामागून गेले. वाफ्यांत शेवटचं पाणी तसंच होतं. पहिल्या बांधापाशी ते थांबले आणि त्यावर अख्खा पाय दिला. चिखल दबला, पाणी एक झालं. मग दुसऱ्या बांधावर दिला. तिसऱ्यावर उभं राहून टाच रगडली आणि मागे वळले.

"दे पाय, बाय. आता कोन वरडनार नाय."

मी खाली बघितलं. चांगलं बघून, ठरवून पाय उचलला. तो पलीकडे पडला.

बाबा त्या मोडलेल्या बांधावर बसले आणि रडायला लागले.