ह्यांच्या सिनेमाचा डबा आज उघडला

मंडळी, आज आम्ही दोघं तेल अविवला जाऊन आलो. तेव्हापासून मन थाऱ्यावर नाही.

सत्तरच्या दशकात इथे येरुहाम गावात, फॅक्टरीची नोकरी सांभाळून आमच्या ह्यांनी एकट्याने सिनेमा काढला. गोष्ट, कॅमेरा, एडिटिंग, सगळं त्यांचंच. नायिका माझ्या सासूबाई. पुढच्याच वर्षी त्या गेल्या. सिनेमाची प्रत एकच.

आज तिथल्या जुन्या फिल्म दुरुस्त करणाऱ्या लॅबमधल्या बाईंनी डबा उघडला. फिल्म चिकटून तिचा गोळा झाला होता. त्यांनी माझ्याकडे बघून नुसती नकाराची मान हलवली.

ह्यांना आता डोळ्यांनी दिसत नाही. म्हणाले, "आई दिसते का गं?"

"दिसतात ना."

"काय करतेय?"

"नवसाच्या मलिद्याचे पोहे धुतायत. हसतायत."

बसमध्ये वाटभर खुशीत होते. "शनिवारी नातवंडांना दाखवू," म्हणाले.

आता मी काय सांगू त्यांना?