शुक्रवारचं हेल्मेट

मंडळी, आज सुट्टी, म्हणून सकाळी इथे आखातात, नजमा भागातल्या आमच्या रूमवर, रूममेट नीलेशबरोबर एक जुना कोरियन सिनेमा पाहिला. त्यातल्या मुलाची नोकरी गेलेली असते, पण लोक काय म्हणतील म्हणून तो रोज डबा घेऊन घराबाहेर पडतो. आईला सगळं कळलेलं असतं. ती काही न बोलता डबा भरत राहते.

नीलेश मध्येच उठून गेला.

इथलं फुटबॉल वर्ल्ड कपचं स्टेडियम पूर्ण झालं आणि महिन्यापूर्वी त्याला कामावरून कमी केलं. बहिणीचं लग्न ठरेपर्यंत नाशिकला घरी कळू द्यायचं नाही, असं त्याने ठरवलंय.

दुपारी त्याच्या आईचा व्हिडिओ कॉल आला. त्याने घाईघाईने साइटचं हेल्मेट घातलं आणि जिन्यात जाऊन उभा राहिला. काम नसलं की सगळे वार सारखेच.

"आज शुक्रवार ना रे? तुला सुट्टी असते ना?"

"वर्ल्ड कप जवळ आलाय आई. सुट्ट्या बंद."

काकू म्हणाल्या, "बरं. डबा नेलायस ना?"

तो हो म्हणाला. फोन ठेवल्यावरही हेल्मेट न काढता तसाच पायरीवर बसून राहिला.

घरच्यांपासून आपण जे लपवतो, ते त्यांना खरंच कळत नसेल का?