मार्मोटची शिट्टी

दोन वर्षं माझं एकच म्हणणं होतं की बायको हल्ली तोंडातल्या तोंडात बोलते. तिचं म्हणणं वेगळं होतं आणि मुलगी तिच्या बाजूने. लडाखला निघायच्या आदल्या दिवशी मुलीने दिल्लीत करोल बागच्या दवाखान्यात माझ्या कानांची तपासणी ठरवूनच टाकली. "परत आलो की सोमवारी जायचं, बाबा. बिल्कुल नाटक नको." फोन करून तपासणी रद्द करायची हे माझ्या मनात पक्कं होतं. माणसाचा स्वतःच्या कानांवर एवढाही हक्क नाही?

लडाखात ड्रायव्हरने एका माळाजवळ गाडी थांबवली. तिथे मार्मोटची वसाहत होती. मांजराहून मोठे, गुबगुबीत, तपकिरी प्राणी. कुटुंबंच्या कुटुंबं बिळात राहतात आणि हिवाळाभर एकमेकांना चिकटून झोपतात. दोन पिल्लं उभी राहून कुस्ती खेळत होती. बाहेरून आलेला एक जण बिळाच्या तोंडाशी थांबून घरच्यांच्या नाकाला नाक लावत होता. आमच्या गुरुग्रामच्या सोसायटीत लिफ्टमध्ये कोणी मानसुद्धा हलवत नाही. मला ही मंडळी एकदम आवडली.

"साहब, एक पहरा देता है," ड्रायव्हर म्हणाला. "खतरा दिखा तो सीटी मारता है, सब अंदर."

खरंच, एक जण दगडावर उभा होता. वर गरुड दिसला. पहारेकऱ्याने तोंड उघडलं आणि क्षणात माळ रिकामा झाला.

"काय कर्कश शिट्टी आहे," बायको कानावर हात ठेवत म्हणाली.

"शिट्टी कुठली? नुसतं तोंड उघडलं त्याने."

मायलेकींनी एकमेकींकडे पाहिलं. माझं डोकं फिरलं. मी कानटोपी काढली, गाडीपासून लांब गेलो. गरुड पुन्हा आला, पहारेकऱ्याने पुन्हा तोंड उघडलं. छे. ड्रायव्हरने बिचाऱ्याने माझी बाजू सावरली, "ऊंचाई पर कान बंद हो जाते हैं, साहब."

"आम्ही अकराव्या मजल्यावर राहतो ना," बायको म्हणाली, "म्हणून असेल."

मी रागारागाने माळाकडे बघत बसलो. रस्त्याजवळ एक म्हातारा, जाडा मार्मोट चरत होता. पहारेकऱ्याकडे तो बघतच नव्हता. त्याची नजर सारखी शेजाऱ्यांवर. ते पळाले की हाही पळायचा, सगळ्यांच्या मागून. बहिरा होता की आळशी, कोण जाणे. पण सोसायटीच्या मीटिंगमध्ये मी असाच बसतो. लोक हसले की हसतो, हात वर झाले की हात वर करतो. एकदा तर माझ्याच तक्रारीच्या विरोधात मत देऊन आलो होतो. मला भीती वाटली, खरंच वाटली.

मी बायकोजवळ जाऊन उभा राहिलो. माळाकडे बघत ती काहीतरी बोलली आणि हसली. मीही हसायला लागलो, मग थांबलो.

"मला ऐकू आलं नाही," मी म्हणालो. "परत सांग."

ती माझ्यासमोर आली आणि सावकाश म्हणाली, "म्हटलं, त्या म्हाताऱ्यासाठी त्याची म्हातारी रोज बिळाच्या दारात थांबत असणार. आत्ताही थांबली होती."

एवढंच बोलली होती. पण दोन वर्षांत अशी किती वाक्यं मी नुसती हसून घालवली, ते आता कोणाला विचारू?