किताब नावाला, आडनावाला नाही

“भाऊ, त्या ‘सर’पुढं आडनाव नका टाकू. पहिलं नाव टाका.”

“मॅडम, मोठ्या माणसाचं नाव कसं घ्यायचं?”

“तिकडं घेतात. मान द्यायचा तर त्यांच्या रीतीनं द्यायचा.”

चाकणच्या कंपनीतला माझा पहिला दिवस. स्वागताचा फलक रंगवणारा गोंधळून उभा होता आणि काळोखे मॅडम त्याला समजावत होत्या. ब्रिटनच्या राजाकडून ‘सर’ किताब मिळालेल्या माणसाला ‘सर पीटर’ म्हणतात, नुसतं आडनाव लावत नाहीत. त्याची बायको मात्र ‘लेडी’, आणि तिला नवऱ्याचं आडनाव.

आमचे मालक इंग्लंडचे, म्हणून असे पाहुणे अधूनमधून येत आणि त्यांची सरबराई मॅडमकडे असे. मोशीच्या जुन्या शेतकरी घरातली ही सून. पाहुणा निघण्याआधीच त्या लंडनच्या ऑफिसला फोन लावून त्याला काय म्हणायचं ते विचारून घेत. ऑफिसातले त्यांना मागून ‘राणीचा वकील’ म्हणत. राणी जाऊन राजा आला तरी नाव बदललं नाही. मॅडमना ते ठाऊक होतं, आणि आवडतही असावं.

मी इंग्रजी शाळेत शिकलेली, बोलायला बिचके. मराठी बोलले तर चुकेन, इंग्रजी बोलले तर शिष्ट ठरेन. मॅडमनी ते हेरलं. “विचारायला लाज कसली? न विचारता चुकलं की वाटते ती लाज,” त्या म्हणाल्या आणि पुढचा फोन माझ्या हातात दिला.

एकदा डेम रूथ आल्या, सोबत त्यांचे यजमान. ‘डेम’ हा बाईला मिळणारा किताब, ‘सर’च्याच तोलाचा. पण आपल्याकडे जोडप्याचा सत्कार म्हटला की आधी पुरुष. प्लांटचे मोठे साहेब फेटा घेऊन थेट यजमानांकडे निघाले. मॅडमनी हसत तो त्यांच्या हातातून घेतला आणि रूथबाईंच्या डोक्यावर ठेवला. यजमानांनीच सगळ्यांत आधी टाळ्या वाजवल्या.

दुपारी कॅन्टीनमध्ये मॅडम खुशीत होत्या. “नवरा सर झाला की बायको लेडी होती. बायको डेम झाली तर नवरा हाय तिथंच. आन् किताब तिच्या सोताच्या नावाला. हे मला लई आवडलं बघ.” इतकं मोकळं, गावाकडचं त्या क्वचितच बोलत.

मी धीर करून त्यांचं नाव विचारलं.

“कुसुम,” त्या म्हणाल्या आणि चक्क लाजल्या. “आई हाक मारायची. ती गेली. आता मी मोशीत काळोख्यांची सून, हितं काळोखे मॅडम. नावानं कोन न्हाई बोलवत.”

त्या निवृत्त झाल्या, तेव्हा सूत्रसंचालन मी करावं असा त्यांनीच हट्ट धरला. हॉल भरलेला होता. पहिल्या रांगेत मॅडमचे यजमान, काळोखे काका, नवी टोपी घालून बसले होते, शेजारी मॅडम. शाल आणि फेटा तबकात तयार होते. साहेब माझ्या कानाशी पुटपुटले, “आधी काळोखे साहेबांना बोलव. सपत्नीक या म्हण. पद्धत आहे तशी.”

काका टोपी सारखी करत अर्धे उठलेसुद्धा. मॅडमही पदर आवरून त्यांच्या मागे निघायच्या बेतात होत्या, इतकी वर्षं निघत आल्या तशा.

मी माइक तोंडाजवळ नेला.

“डेम कुसुम, पुढे या. येताना काळोखे काकांनाही सोबत आणा.”