तान्ह्या पोळ्याले गेटपास

हिंगणघाटची आमची मिल बंद पडली आन् चाळीत दोनच गोष्टी वाढल्या. कुलपं आन् किस्से. लोकं सुरतले गेले म्हणून कुलपं. आम्ही मागं उरलो म्हणून किस्से!

*

तिसऱ्या वर्षी चाळीतला आमचा दोस्त पिंट्या म्हणे, "पोरांचा लाकडी बैलांचा तान्हा पोळा पुन्हा भरवू. चाळ जागी होईन."

तं चाळीत लाकडाचा एक बैल नाई! मी शेजारच्या मावशीले विचारलं, "मावशी, तुमचा नंदी कुठी गेला जी?"

"चुलीत," मावशी म्हणे. "दोन टाइमचा सैपाक झाला त्याच्यावर."

पिंट्या म्हणे, "मंग धोट्याचे बैल करू!"

*

मागात सूत इकडून तिकडं नेते ना, तो लाकडी धोटा! शामरावकाकानं पोतंभर धोटे खिडकीतूनच दिले. काका मिलमधले जॉबर, माग दुरुस्त करणारे. मिल बंद झाल्यापासून उंबऱ्याबाहेर पाय नाई. न्हावीबी घरीच येते.

धोट्याले चाकं लावले, शिंगं लावले, उतारावर सोडला. सुटला ना बे! थेट टपरीखाली.

चहावाला वरडला, "कोणाचं जनावर हाये? कोंडवाड्यात टाकतो!"

*

शामरावकाकाची काकू रडाले लागली. "एकडाव तरी बाहेर काढा रे याहीले."

पिंट्यानं ट्रकचा हॉर्न आणला आन् सकाळी सातले मिलच्या भोंग्यावानी वाजवला.

काका नाई निघाले. समोरचे चार म्हातारे निघाले. हातात डबे घेऊन!

हासलं कोणीच नाई. पिंट्यानं हॉर्न वापस देऊन टाकला.

*

पोळ्याआधी बैलाचे खांदे लोण्याहळदीनं चोळून जेवाचं आवतन देतात. आमचे पोरं डालडा घेऊन काकाच्या घरात घुसले आन् काकाचाच खांदा चोळला! "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या!"

"मी बैल हाव का बे?"

काकू आतून म्हणे, "हो म्हणा. त्याहीलेच तं बोलावून राह्यले लोकं!"

*

तोरण बांधाले चाळीत धड खांब नव्हता. मिलच्या गेटले बांधलं. बैल तोरणाखालून गेल्याबिगर पोळा फुटत नाई, आन् गेटले कुलूप. आतून चौकीदार म्हणे, "पासशिवाय कोणी आत नाई."

मिल बंद, पण त्याची ड्यूटी चालू!

आम्ही हात जोडले. पोरं रडाले लागले.

तेवढ्यात गर्दी बाजूले झाली. मिलची जुनी खाकी घालून शामरावकाका. हातात दोरी, दोरीले दोन धोटे. काकानं जुना गेटपास गजातून आत दिला.

"विणाई खातं. जोडी घेऊन आलो."

चौकीदारानं पास पाह्यला. बैल पाह्यले. मंग घड्याळ पाह्यलं.

"तीन वर्षं लेट हा, जॉबरसाहेब," म्हणे. आन् कुलूप काढलं.