मामा कसे आहेत?

"माझंच काही चुकलं असेल," हे त्याचं ठरलेलं वाक्य. प्रिंटर अडकला, वीज गेली, कुणाची सही जुळली नाही, तरी हेच. एकदा शाखेसमोर ट्रकचं टायर फुटलं, तेव्हा तो दचकून माझ्याकडे असा पाहू लागला की मला सांगावं लागलं, "अरे, यात तरी तुझा हात नाही!"

अमळनेरला आमच्या सहकारी बँकेच्या शाखेत मी व्यवस्थापक होतो आणि तो पिंप्राळ्याहून रोज गाडीने येणारा नवा कारकून. असा उगाच ओशाळलेला माणूस तुमच्याही पाहण्यात असेल. आपण त्याला भिडस्त म्हणतो आणि सोडून देतो.

मग सहकार खात्याने त्याच्या वेळची सगळी भरतीच रद्द केली. पिंपळनेरच्या एका मुलीने तक्रार केली होती. लेखी परीक्षेत ती सर्वांच्या पुढे होती. मुलाखतीत आपल्याला मुद्दाम खाली खेचलं, असं तिचं म्हणणं. नोकरी जाणार म्हणून नवी मंडळी हायकोर्टात गेली. तोही गेला, म्हणजे इतरांनी वकीलपत्रावर त्याची सही घेतली. कोर्टाने सांगितलं, भरतीवर लक्ष ठेवण्याचा खात्याला अधिकार आहे, पण माणसाचं म्हणणं न ऐकता त्याला काढता येणार नाही. खात्याचा आदेश रद्द झाला. आता प्रत्येकाला बोलावून, ऐकून, नव्याने निर्णय घ्यायचा होता.

शाखेत पेढे वाटले. त्याने पेढा हातात घेतला आणि हळूच परत खोक्यात ठेवला.

"का रे? जिंकलास ना?"

"जिंकलो कुठे, साहेब? आता विचारणार आहेत."

सुनावणी धुळ्याला होती. बँकेतर्फे मी हजर होतो. ती मुलगी वडिलांबरोबर मागच्या बाकावर बसली होती. आधीच्या सगळ्यांनी पढवलेलं तेवढं सांगितलं, मुलाखत रीतसर झाली म्हणून. मग त्याची पाळी आली.

"मुलाखतीत तुम्हाला काय विचारलं?" अधिकारी म्हणाले.

"मामा कसे आहेत, असं विचारलं."

"कोण मामा?"

"माझे मामा, साहेब. बँकेचे संचालक आहेत."

"पुढे?"

"बरे आहेत म्हणालो. मग त्यांनी मला चहा दिला."

कुणीतरी फिसकन हसलं. त्याची मान इतकी खाली गेली की पुढचं ऐकायला अधिकाऱ्यांना टेबलावरून वाकावं लागलं.

"माझ्यानंतर ह्या ताई आत गेल्या. बराच वेळ आत होत्या. बाहेर आल्या तेव्हा रडत होत्या. मला तेव्हाच कळलं होतं, साहेब. तरी मी रुजू झालो."

बाहेर व्हरांड्यात तो हात जोडून तिच्यासमोर उभा राहिला. तिने तोंड फिरवलं. तिचे वडील म्हणाले, "आते बोलीसन काय उपेग शे, भाऊ?" आवाजात राग नव्हता, म्हणूनच ते त्याला जास्त लागलं असावं.

परतीच्या एसटीत तो एकदाच बोलला. "वडील गेल्यावर मामांनीच वाढवलं आम्हाला. आईला कोणत्या तोंडाने सांगू?"  

भरती पुन्हा रद्द झाली. इतरांबरोबर त्याचीही नोकरी गेली. मामांनी बहिणीशीही बोलणं टाकलं. जळगावला एका केळीच्या व्यापाऱ्याकडे तो हिशेब लिहू लागला, असं कानावर आलं. मुलाखती पुन्हा झाल्या, या वेळी बाहेरची माणसं बसवून. ती मुलगी निवडली गेली आणि आमच्याच शाखेत रुजू झाली.

आपलं पगाराचं खातं बंद करायला तो एका दुपारी आला. काचेच्या दारापाशीच थांबला. काउंटरवर ती होती. एका म्हाताऱ्याला सही कुठे करायची ते बोट ठेवून दाखवत होती. मी केबिनमधून हात केला, "ये ना आत." त्याने मान हलवली. आमचं ते दार सोडलं की धाडकन आपटतं. त्याने ते शेवटपर्यंत हाताने धरून आवाज न करता लावलं, आणि तो निघून गेला.

तिने वर पाहिलंसुद्धा नाही.