परवा घरी गेलते

बायको गेली त्याच्या आदल्या दिवशी दवाखान्यात मला म्हणाली, "अवो, परवा घरी गेलते. माठ कोरडा ठणठणीत पडलाय. तेवढा भरा."

महिनाभर ती खाटंवरनं उठली नव्हती. नर्स म्हणाली, तापात बरळतात असं. मी व्हय म्हणालो. दुसऱ्या दिवशी ती गेली. त्याच दिवशी गावाकडं माती केली आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी बजाजनगरचं घर उघडलं, तर माठ कोरडा. महिनाभर मी दवाखान्यातच होतो, माठ कोरडाच असणार, एवढी अक्कल मला बी हाय. पण तो 'परवा' डोक्यात घुसला. लई बेइमान शब्द. मागचा बी परवा आणि पुढचा बी परवाच. मागच्या परवा ती नळ्या लावून पडलेली. आन तिनं म्हणलेल्या दिवसापासून पुढचा परवा धरला, तर तो नेमका मी घर उघडलं तो दिवस. मग काय ती मेल्यावर घरी येऊन गेली आणि मला आधी सांगून ठेवलं?

चितेगावला दिलेली पोरगी मागंच लागली होती. "आबा, एकट्यानं कशाला भिताडं राखत बसता? चला माझ्याकडं." तिला काय सांगू, तुझी आई आली आणि कुलूप दिसलं तर?

वरच्या खोलीत भाडेकरू हाय. कॉलेजात विज्ञान शिकवतो आणि काळावर स्वतःचा सिद्धान्त मांडतोय. मी सातवी नापास, पण बाकी सगळे ताप म्हणाले होते, म्हणून त्याला ह्या परवाचं विचारलं. त्यानं चहाचा कप खाली ठेवला.

"काका, आपण समजतो काळ म्हणजे एकच सरळ रस्ता. माझं म्हणणं, रस्ते पुष्कळ आहेत आणि ते कुठं कुठं एकमेकांना छेदतात. तिथं मागचं-पुढचं एकाच जागी येतं."

"म्हंजे चौक."

"चौकच."

"सिग्नल नसलेला?"

तो हसला. म्हणाला, "काकूंचा परवा तसल्या चौकातला असू शकतो."

"मग मी बी त्या चौकात जाऊन हुबा राहतो. गाठ पडंल का?"

"पडली तर काय कराल?"

"आणखी काय? दुखणं अंगावर काढू देणार नाय. उचलून दवाखान्यात नेईन."

"नेलंत, त्या वाचल्या. मग तुम्हाला दुःख नाही. दुःख नाही, तर तुम्ही चौकात जाणार कशाला? आणि गेलाच नाहीत, तर त्या वाचल्या कशा?"

"हा तर साला पेचच झाला."

"तोच विरोधाभास. असा पेच पडणार असेल तर काळ ती वाट आधीच बंद करतो."

"म्हंजे मला रडू येतंय म्हणून वाट बंद?"

"सिद्धान्ताप्रमाणं, हो."

"आन विसरलो तर उघडंल?"

"उघडेल. पण मग तुम्ही जाणार नाही."

बसची वेळ सांगावी तसं सांगितलं त्यानं. वाईट मनानं नाय. मी विचारलं, त्यानं सांगितलं.

मी विसरून बघितलं. दोरीवरचं तिचं लुगडं काढून ट्रंकंत घातलं. भाजी करताना तिची आठवण काढायची नाय असं ठरवायचो, तर ठरवायलाच आधी ती आठवायची. शेवटी लुगडं परत दोरीवर टाकलं. मी असा हाय तोवर ती यायची नाय, आणि मला दुसरं कुणी व्हायचं नाय. मग राखण करायची कुणासाठी? पोरीला फोन लावला. म्हणालो, ये न्यायला.

टेंपो घेऊन आली. "आबा, मन कसं बदललं?"

"वरच्या सरांनी समजावलं."

ती वर जाऊन त्याच्या पाया पडायला लागली. तो पार कानकोंडा झाला. खाली येऊन मला हळूच म्हणाला, "काका, माझा सिद्धान्त अजून कच्चा आहे. चुकीचाही निघेल."

"ऱ्हाऊ दे कच्चाच. पक्का झाला तर मला कळवू नको."

पोरगी म्हणाली, पुढं ड्रायव्हरजवळ बसा, धक्के लागतील. मी मागं सामानात बसलो, घर दिसंल तोवर बघत.